गेलेल्या माणसाच्या मजुरीचा कागद

येरमाळ्याच्या चौकात घटकाभर उभे राहिले की दोन रस्त्यांची रहदारी एकमेकींना छेद देताना दिसते. एक धुळे-सोलापूर महामार्गाची, दुसरी बार्शी-कळंब रस्त्याची. चैत्री पौर्णिमेला येडाईच्या यात्रेला ट्रॉल्या, टेम्पो, जीपगाड्या भरभरून येतात. दसरा-दिवाळी झाली की ऊसतोडीच्या टोळ्या बिऱ्हाड बांधून कारखान्याची वाट धरतात. देवाला निघालेले माणूस असो की पोटाला निघालेले, ते वाटेतच गेले तर मागच्यांनी काय करायचे? तेरावा उरकेपर्यंत हा विषय घरात कोणी काढत नाही. काढला तरी, "गेलेलं माणूस थोडंच परत येतंय?" म्हणून तो तिथेच मिटतो.

1 जुलै 2023 रोजी समृद्धी महामार्गावर सिंदखेडराजाजवळ खासगी बस पेटून 25 प्रवासी गेले. राज्य सरकारने वारसांना प्रत्येकी 5 लाख जाहीर केले. बाजार करून सायकलवर परतणारा एकटा माणूस ट्रकखाली सापडला तर त्याच्यासाठी अशी घोषणा होत नाही. त्याच्या घरच्यांना मागावेच लागते.

मागायचे कुठे, इथूनच घोळ सुरू होतो. पोलिसांत केस झाली म्हणजे भरपाईचेही त्यातच निघेल, असा आपल्याकडे समज. तसे नाही. ड्रायव्हरवरचा खटला वेगळा आणि मोटार अपघात दावा न्यायाधिकरणातला दावा वेगळा. 2022 च्या नियमांनुसार पोलिसांनी 48 तासांत अपघाताचा पहिला अहवाल न्यायाधिकरणाला द्यायचा असतो आणि वारसांना त्यांच्या हक्कांचा छापील कागदही द्यायचा असतो. तो मिळाला नसेल तर ठाण्यात जाऊन मागावा, त्यात भीड कसली? दावा अपघात झाला तिथेच लावला पाहिजे असेही नाही. वारस राहतात तिथे लावता येतो. कोल्हापूरकडे किंवा कर्नाटकात तोडीला गेलेला माणूस तिकडे दगावला, तरी बायकोने तिकडे हेलपाटे घालायला नकोत. धाराशिवला दावा चालतो.

मुदतीचेही पाहावे लागते. 1 एप्रिल 2022 पासून सहा महिन्यांची अट आली. त्याआधी बरीच वर्षे अशी अट नव्हती. तिला आव्हान दिले गेले आणि नोव्हेंबर 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, केवळ उशिरा आला म्हणून दावा फेटाळू नका, असा अंतरिम आदेश दिला. पण अंतरिम आदेशाच्या भरवशावर बसून राहणे शहाणपणाचे नाही.

आता मुख्य गोष्ट. भरपाईचा आकडा न्यायाधीश मनाने काढत नाहीत, त्याचे गणित ठरलेले आहे. सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये सरला वर्मा आणि 2017 मध्ये प्रणय सेठी प्रकरणात ते बसवून दिले. समजा, 34 वर्षांचा मजूर गेला. मागे बायको, दोन लेकरे, म्हातारी आई. महिन्याची कमाई 10 हजार सिद्ध झाली. पुढे वाढली असती म्हणून त्यात 40 टक्के मिळवायचे, झाले 14 हजार. त्याच्या स्वतःच्या खर्चाचा पाव हिस्सा वजा केला की 10,500 उरतात. वर्षाचे 1 लाख 26 हजार. या वयाला गुणक 16. म्हणजे 20 लाख 16 हजार, शिवाय अंत्यविधी वगैरेचे थोडे.

हीच कमाई सिद्ध झाली नाही आणि कोर्टाने अंदाजाने 6 हजार धरली, तर आकडा येतो 12 लाख 9 हजार 600. माणूस तोच, लेकरेही तीच. फरक 8 लाखांचा, आणि तो एका कागदामुळे पडतो.

हा कागद आपल्याकडे कोणाजवळ असतो? मजुरी रोख, हिशेब मुकादमाच्या वहीत. त्यातही तोडीला नवरा-बायको मिळून एक 'कोयता' धरतात आणि उचल घेतो नवरा. बायको रात्री-अपरात्री मोळ्या डोक्यावर वाहून गाडी भरते, पण ती अपघातात गेली तर तिच्या मजुरीचा पुरावा काय? 2021 मध्ये कीर्ती प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने घरकामालाही कमाई धरा, असे सांगितले. तोडणारी बाई तर घरही करते आणि फडही.

ट्रॉलीचा प्रश्न आणखी अवघड. मालाच्या वाहनात फुकट बसलेल्या माणसाची जबाबदारी विमा कंपनीवर नाही, असा निकाल 2002 मध्ये आशा राणी प्रकरणात लागला. कंपनी तोच पुढे करते. मग सगळा बोजा ट्रॅक्टरमालकावर येतो आणि तो बहुधा गावातलाच, भावकीतला. यात्रेला हौसेने ट्रॉली जुंपणाऱ्याला हे ठाऊक नसते.

ठोकर मारून गाडी पळाली, तर 2 लाख सरकारी योजनेतून मिळतात. 2022 पूर्वी ते अवघे 25 हजार होते. अर्ज अपघाताच्या हद्दीतील प्रांत किंवा तहसीलदारांकडे करावा लागतो. सातबारावर नाव असलेल्या शेतकऱ्यासाठी आणि त्याच्या घरातल्या एकासाठी गोपीनाथ मुंडे यांच्या नावाची सानुग्रह अनुदान योजना आहे. मुंडेही 3 जून 2014 ला रस्त्यावरच्या अपघातातच गेले. त्यातही 2 लाख मिळतात, पण तालुका कृषी अधिकाऱ्याकडे अर्ज 30 दिवसांत हवा. बँकेत वर्षाला 20 रुपये कापले जात असतील तर सुरक्षा विम्याचे 2 लाख वेगळे. पासबुक काढून बघायला काही लागत नाही.

एक सावधगिरी बाळगावी. चूक कोणाची हे न पाहता 5 लाख देण्याची तरतूद कायद्यात आहे, पण ते स्वीकारले की मोठा दावा संपतो. म्हणून कोणी घरी येऊन "इथं अंगठा करा" म्हणाले, तर आधी कागद वाचून घ्यावा.

दसऱ्याच्या सुमारास मुकादम उचल वाटायला गावात येईल. तेव्हा रकमेच्या कागदावर कारभाऱ्याबरोबर कारभारणीचेही नाव घालून घ्यावे आणि त्याची एक झेरॉक्स गावातल्या घरी ठेवून मगच बिऱ्हाड हलवावे.