बुधवार पेठेतलं एक कलम

संविधानाची गोष्ट सांगायची म्हटलं की आपण ९ डिसेंबर १९४६ या तारखेला हात घालतो. त्या दिवशी दिल्लीत संविधान सभा भरली, पुढच्या वर्षी डॉ. आंबेडकरांच्या अध्यक्षतेखाली मसुदा समिती नेमली गेली, २६ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान स्वीकारलं गेलं. नागरिकशास्त्राच्या पेपरात एवढ्यावर पूर्ण गुण मिळतात. पण त्या ग्रंथातल्या काही कलमांचं वय संविधान सभेपेक्षा पुष्कळ जास्त आहे. कलम २१-अ त्यातलंच. सहा ते चौदा वर्षांच्या प्रत्येक मुलामुलीला मोफत आणि सक्तीचं शिक्षण हा मूलभूत हक्क संविधानात आला २००२ साली, ८६व्या घटनादुरुस्तीनं. त्याचा माग काढत मागे गेलं, तर वाट पुण्याच्या बुधवार पेठेत येते.

दगडूशेठ गणपतीसमोर तात्यासाहेब भिड्यांचा वाडा होता. १८४८ साली जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी मुलींची शाळा काढली ती तिथे. ती शाळा फार दिवस चालली नाही. मग ३ जुलै १८५१ रोजी याच पेठेत, अण्णासाहेब चिपळूणकरांच्या वाड्यात पुन्हा सुरुवात झाली. पहिल्या दिवशी आठ मुली आल्या. त्याच सप्टेंबरात रास्ता पेठेत दुसरी शाळा, १८५२ च्या मार्चमध्ये वेताळ पेठेत तिसरी. भिडे वाड्याचं नाव सर्वांना ठाऊक असतं, चिपळूणकरांच्या वाड्याचं सहसा कुणी घेत नाही. माझ्या मते तो दुसरा प्रयत्न जास्त मोलाचा. एकदा बंद पडलेलं काम त्याच पेठेत, त्याच लोकांच्या नाकासमोर पुन्हा मांडायला वेगळीच हिंमत लागते.

शाळा काढणं ही एक गोष्ट, आणि शिक्षण देणं सरकारला भाग आहे असं म्हणणं दुसरी. जोतीरावांनी हे दुसरं पाऊल १८८२ साली टाकलं. विल्यम हंटर यांच्या अध्यक्षतेखालचा शिक्षण आयोग तेव्हा देशभर साक्षी घेत होता. जोतीरावांनी आपलं निवेदन १९ ऑक्टोबर १८८२ या तारखेनं सादर केलं. स्वतःची ओळख त्यांनी व्यापारी, शेतकरी आणि पुण्याचे म्युनिसिपल कमिशनर अशी करून दिली. हे निवेदन मुळातून वाचण्यासारखं आहे, कारण त्यात हिशेबाची भाषा आहे. सरकारचा महसूल बहुतांशी शेतकऱ्याच्या घामातून येतो, आणि शिक्षणावरचा खर्च मात्र वरच्या वर्गांच्या उच्च शिक्षणाकडे वळतो, असा त्यांचा मुख्य आक्षेप. मागणी स्पष्ट होती: विशिष्ट वयापर्यंत, निदान बारा वर्षांपर्यंत, प्राथमिक शिक्षण सक्तीचं करा.

बरं, मागणी करून ते थांबले नाहीत. शिक्षक शक्यतो शेतकरी वर्गातले असावेत, म्हणजे ते मुलांत मिसळतील आणि वेळ पडली तर नांगरही धरतील. त्यांना दरमहा निदान बारा रुपये पगार असावा, मोठ्या गावांत पंधरा ते वीस. मुलांना मोडी आणि बाळबोध लिहिता-वाचता यावं, हिशेब यावा, थोडा इतिहास, भूगोल, व्याकरण, आणि जोडीला शेतीचं व आरोग्याचं प्राथमिक ज्ञान मिळावं. आयोगानं प्राथमिक शिक्षणाचं महत्त्व मान्य केलं, पण सक्तीची शिफारस काही केली नाही.

सक्ती प्रत्यक्षात आणून दाखवली ती एका संस्थानिकानं. नाशिक जिल्ह्यातल्या कवळाणे गावी जन्मलेल्या सयाजीराव गायकवाडांनी १८९३ साली बडोदे संस्थानातल्या अमरेली भागात प्रयोग केला आणि १९०६ साली तो संस्थानभर लागू केला, मुलींसह. पुढे १९१७ साली कोल्हापुरात शाहू महाराजांनीही कायदा करून प्राथमिक शिक्षण मोफत आणि सक्तीचं केलं. एका संस्थानाच्या तिजोरीला जे झेपतं ते ब्रिटिश साम्राज्याला का झेपू नये, हा प्रश्न बडोद्याच्या प्रयोगानंतरच उघड विचारता येऊ लागला होता.

तो विचारला पुण्याच्याच गोपाळ कृष्ण गोखल्यांनी. १९१० साली त्यांनी केंद्रीय कायदेमंडळात ठराव मांडला आणि १६ मार्च १९११ रोजी प्राथमिक शिक्षणाचं विधेयक. विधेयक इतकं मवाळ होतं की आज वाचताना हसू येतं. सक्ती करायची की नाही ते नगरपालिका किंवा लोकल बोर्डानं ठरवायचं, तेही सरकारची परवानगी घेऊन. वय सहा ते दहा. आधी मुलगे, मुलींचं नंतर बघू. महिना दहा रुपयांपेक्षा कमी मिळवणाऱ्या पालकाला फी माफ. खर्चाचा मोठा वाटा सरकारनं उचलावा, बाकीचा स्थानिक संस्थेनं, हवं तर त्यासाठी कर बसवून. तरीही मार्च १९१२ मध्ये ते १३ विरुद्ध ३८ मतांनी पडलं. पडणार हे गोखल्यांना माहीत होतं आणि भाषणात त्यांनी ते बोलूनही दाखवलं: आमच्या पिढीच्या वाट्याला देशाची सेवा अपयशातूनच करणं आलं आहे.

‘मुलींचं नंतर बघू’ या वाक्यानं पुढे पुण्यातच वणवा पेटवला. १९१८ साली विठ्ठलभाई पटेलांच्या पुढाकारानं मुंबई इलाख्यात कायदा झाला आणि नगरपालिकांना सक्तीचं शिक्षण सुरू करण्याची मुभा मिळाली. पुणे नगरपालिकेत लगेच वाद उभा राहिला. लोकमान्य टिळकांच्या बाजूचं म्हणणं असं, की पैसा अपुरा आहे, तेव्हा सध्या मुलग्यांपुरती सक्ती करावी. महर्षी विठ्ठल रामजी शिंदे आणि सेवासदनाच्या रमाबाई रानडे यांना ते मान्य नव्हतं. १९२० साली रमाबाईंच्या पुढाकारानं बायका मोर्चा घेऊन रस्त्यावर उतरल्या. फुल्यांच्या पहिल्या शाळेला बहात्तर वर्षं झाल्यावर, त्याच शहरात, मुलींचं शिक्षण परवडत नाही हा युक्तिवाद गंभीरपणे केला जात होता. आणि करणारे इंग्रज नव्हते. टिळकांविषयीचा आदर जराही कमी न करता हे नोंदवायला हवं. पुण्याच्या अभिमानाच्या इतिहासात हे पान बहुधा दोन पानं चिकटल्यासारखं उलटलं जातं.

आता दिल्ली. संविधान सभेच्या मूलभूत हक्क उपसमितीत आचार्य कृपलानी अध्यक्ष, आणि सदस्यांत आंबेडकर, हंसा मेहता, मिनू मसानी, कन्हैयालाल मुन्शी अशी मंडळी. या उपसमितीनं मोफत प्राथमिक शिक्षण हा न्यायालयात दाद मागता येईल असा हक्क म्हणून मांडला होता. एप्रिल १९४७ मध्ये हा मसुदा वल्लभभाई पटेलांच्या अध्यक्षतेखालच्या सल्लागार समितीपुढे आला. एम. रत्नस्वामी यांनी विचारलं, सरकारकडे पैसाच नसेल तर? अल्लादी कृष्णस्वामी अय्यरांना कलमच नको होतं. गोविंद वल्लभ पंतांनी ते न्यायालयाच्या कक्षेबाहेर ठेवायला सुचवलं, आणि शिक्षण तिथून मार्गदर्शक तत्त्वांमध्ये गेलं.

मार्गदर्शक तत्त्वांची कल्पना आपण १९३७ च्या आयर्लंडच्या संविधानावरून घेतली. गंमत अशी, की तिथे मोफत प्राथमिक शिक्षण हे मूलभूत हक्कांच्या भागात, बेचाळिसाव्या कलमात आहे. मार्गदर्शक तत्त्वं त्यापुढे, पंचेचाळिसाव्यात. आपल्याकडे शिक्षणाला अखेर मार्गदर्शक तत्त्वांतलं कलम ४५ मिळालं.

त्याआधी अजून एक कात्री लागली. मसुद्यातल्या कलम ३६ ची सुरुवात ‘प्रत्येक नागरिकाला मोफत प्राथमिक शिक्षणाचा हक्क आहे’ या अर्थाच्या शब्दांनी होत होती. २३ नोव्हेंबर १९४८ रोजी लक्ष्मीकांत मैत्र यांनी ते शब्द गाळण्याची दुरुस्ती सुचवली: मार्गदर्शक तत्त्वांच्या भागात हक्काची भाषा विसंगत दिसते. आंबेडकरांनी ती मान्य केली. पण त्याच दिवशी नझीरुद्दीन अहमद यांनी तरतूद फक्त प्राथमिक शिक्षणापुरती ठेवा म्हणताच आंबेडकर अडून बसले. चौदा वर्षांखालच्या मुलाला कारखान्यात कामाला लावायला दुसरं कलम बंदी घालतं. मग त्या वयापर्यंत मूल शाळेत असायला नको का, हा त्यांचा मुद्दा. शब्द सोडला, वय सोडलं नाही. फुल्यांचं बारा इथे चौदा झालं. दोनच वर्षांपूर्वी, १९४६ साली, आंबेडकरांनी शूद्रांच्या इतिहासावरचा आपला ग्रंथ जोतीरावांना अर्पण केला होता, हे इथे आठवतं.

कलम ४५ नं राज्याला दहा वर्षांची मुदत घालून दिली. मार्गदर्शक तत्त्वांत अशी मुदत असलेलं हे एकटंच कलम. १९६० साल आलं आणि गेलं. १९९३ मध्ये उन्नीकृष्णन खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं या दिरंगाईवर बोट ठेवलं आणि चौदा वर्षांपर्यंतचं शिक्षण हा मूलभूत हक्क ठरवला. त्यानंतर नऊ वर्षांनी दुरुस्ती, २००९ मध्ये शिक्षणहक्क कायदा, आणि १ एप्रिल २०१० पासून दोन्हींची अंमलबजावणी. हंटर आयोगापुढच्या निवेदनापासून मोजलं तर सव्वाशेहून अधिक वर्षं.

भिडे वाडा तोपर्यंत मोडकळीला आला होता. राष्ट्रीय स्मारकासाठीचा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि डिसेंबर २०२३ मध्ये रात्रीतून तो पाडण्यात आला.

तिथून चालत काही मिनिटांवर बुधवार पेठेतल्या वेश्यावस्तीच्या त्या गल्ल्या आहेत, ज्यांचं नाव पुणेकर आवाज खाली करून घेतात. तिथल्या मुलांच्या बाबतीत शिक्षणहक्क कायद्याचं चौदावं कलम फार कामाचं आहे: वयाचा दाखला नाही म्हणून कुठल्याही मुलाला शाळाप्रवेश नाकारता येत नाही. ज्या आईपाशी धड कागदपत्र नाही, तिच्यासाठी ही ओळ म्हणजे शाळेचं उघडं फाटक. पण ते फाटक सहाव्या वर्षी उघडतं. त्याआधीची वर्षं, जेव्हा आईच्या कामाच्या वेळी तान्ह्या मुलाला ठेवायचं कुठे हाच प्रश्न असतो, ती हक्कात धरलेली नाहीत. २००२ च्या दुरुस्तीनं सहा वर्षांखालच्या मुलांना जुन्या कलम ४५ मध्ये नेऊन बसवलं, आणि तिथली भाषा अजून १९४८ चीच आहे: राज्य प्रयत्न करील. या वेळी मुदतसुद्धा घातलेली नाही.