चिकोडीचा रसायनशास्त्रज्ञ, डेट्रॉइटचा प्रतिनिधी

१ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यपुनर्रचनेच्या कायद्याने धारवाड, विजापूर व उत्तर कानडा या जिल्ह्यांसह बेळगाव जिल्ह्याचा बहुतेक मुलूख मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला, तेव्हा चिकोडीस २२ फेब्रुवारी १९५५ रोजी जन्मलेले श्री ठाणेदार पुरते दोन वर्षांचेही नव्हते. उंबरठा न ओलांडताच ज्यांचे राज्य बदलले, अशा सरहद्दीवरील असंख्य मराठी कुटुंबांपैकी त्यांचे एक. पुढे या मुलाने घर सोडले, देशही सोडला, आणि जानेवारी २०२३ मध्ये मिशिगन राज्याच्या तेराव्या मतदारसंघाच्या वतीने अमेरिकेच्या प्रतिनिधिगृहात शपथ घेतली.

परमुलखातून यावे, आधी व्यापारात पाय रोवावेत आणि मग कायदेमंडळात जाऊन बसावे, ही वहिवाट अमेरिकेत मुख्यतः आयरिश लोकांनी पाडली. १८४५ पासून बटाट्यावर पडलेल्या रोगाने आयर्लंडात दुष्काळ माजला. जहाजे भरभरून माणसे अमेरिकेस गेली, आणि त्यांतील काहींनी पश्चिमेच्या नव्या वसाहतींत किराणा, लाकूड, वाहतूक असे धंदे उभारून तेथील विधिमंडळांपर्यंत मजल मारली. डेट्रॉइटमधील कॉर्कटाउन ही वस्ती आयर्लंडच्या कॉर्क परगण्याचे नाव आजही चालवीत आहे. हिंदी माणसाला मात्र ही वाट फार काळ बंद होती. १९२३ च्या न्यायनिवाड्याने त्यास नागरिकत्वास अपात्र ठरविले. तो अडसर १९४६ साली दूर झाला, आणि गणितात डॉक्टरेट मिळवूनही कॅलिफोर्नियात शेती करीत राहिलेले दलीपसिंग सौंद ६ नोव्हेंबर १९५६ रोजी प्रतिनिधिगृहावर निवडून आले. आमच्याकडे राज्याची सीमा हलली, त्याच आठवड्यातली ही घटना.

ठाणेदारांचे बालपण बेळगावात, ओढगस्तीत गेले. वडील पंचावन्नाव्या वर्षी सेवानिवृत्त झाले तेव्हा मुलगा चौदा वर्षांचा होता. संसाराला हातभार लावण्यासाठी मिळेल ते काम करीत तो शिकत राहिला. रसायनशास्त्राची पहिली पदवी त्यांना दिली ती आमच्या धारवाडच्या कर्नाटक विद्यापीठाने, आणि दुसरी मुंबई विद्यापीठाने. १९७९ साली ते अमेरिकेस गेले आणि टायरांची नगरी म्हणून ख्यात असलेल्या अॅक्रन येथील विद्यापीठात बहुवारिकांच्या रसायनशास्त्रात १९८२ साली डॉक्टरेट झाले.

१९९१ साली कर्ज काढून त्यांनी सेंट लुई येथील केमिर ही लहानशी प्रयोगशाळा ७५,००० डॉलरला विकत घेतली. अशा प्रयोगशाळेचा धंदा सामान्य वाचकाच्या दृष्टीस सहसा पडत नाही. औषधाच्या बाटलीत तरंगणारा तपकिरी कण कोठून आला, यंत्रातील प्लॅस्टिकचा भाग अकाली का तडकला, या प्रश्नांचा उलगडा कारखानदार तिच्याकडून पैसे मोजून करून घेतात. नमुन्यावर अवरक्त किरण सोडले की त्यातील प्रत्येक जातीचा रासायनिक बंध आपापल्या ठराविक लहरी शोषून घेतो, आणि आलेखात उमटलेल्या दऱ्या वाचून जाणता रसायनशास्त्रज्ञ त्या द्रव्याची ओळख पटवितो. या कामावर ठाणेदारांनी मोठा व्यवसाय उभारला, कर्जे काढून औषधनिर्मितीशी संबंधित आणखी प्रयोगशाळा जोडल्या. आणि २००८ च्या आर्थिक अरिष्टानंतर, २०१० साली, बँकेने सारे ताब्यात घेतले. त्या पडझडीत न्यू जर्सीतील एका प्रयोगशाळेत शंभराहून अधिक बीगल कुत्री व माकडे अडकून पडली. प्राणिमित्रांच्या खटपटीने त्यांची सुटका झाली, पण ठाणेदारांना पुढे निवडणुकीत या प्रकरणी जाब द्यावा लागला, आणि तो मागितला जाणे न्याय्यच होते. २०१० सालीच अॅन आर्बर येथे त्यांनी नवी प्रयोगशाळा काढली व २०१६ मध्ये तिचा मोठा हिस्सा विकला. पंचावन्नाव्या वर्षी, ज्या वयात वडिलांची नोकरी संपली त्याच वयात, पुन्हा आरंभ करण्याचे हे धैर्य मला त्यांच्या पदांहून थोर वाटते.

२०१८ साली राज्यपालपदासाठी आपल्या पक्षाच्या उमेदवारीच्या लढतीत स्वतःची प्रचंड संपत्ती ओतूनही ते तिसरे आले. २०२० साली राज्याच्या विधिमंडळात आणि २०२२ साली अमेरिकी काँग्रेससाठी ते निवडून आले. त्या वर्षीच्या पक्षांतर्गत प्राथमिक निवडणुकीत नऊ उमेदवारांमध्ये मते विभागली गेली आणि एकतृतीयांशाहून कमी मतांवर त्यांचा विजय झाला. त्यांच्या मतदारसंघातील डेट्रॉइट हे बहुसंख्य कृष्णवर्णीयांचे शहर. ठाणेदार जन्मले त्याच वर्षी, जानेवारी १९५५ मध्ये, चार्ल्स डिग्ज यांनी शपथ घेतल्यापासून काँग्रेसमध्ये त्या शहराचा एक तरी कृष्णवर्णीय प्रतिनिधी सदैव असे. ही जवळजवळ सत्तर वर्षांची परंपरा या निवडीने खंडित झाली. पैशाच्या बळावर बाहेरचा माणूस आमची जागा घेऊन बसला, ही तेथील अनेकांची कैफियत आहे, आणि ठाणेदारांचा अभिमान बाळगणाऱ्या मराठी माणसाने ती आदराने ऐकलीच पाहिजे. सभागृहात आपला आवाज उरला नाही, हे दुःख सीमाभागाइतके कोणास ठाऊक असणार? २०२४ साली शहराच्या नगरपरिषदेतील कृष्णवर्णीय सदस्या मेरी वॉटर्स प्राथमिक निवडणुकीत त्यांच्याविरुद्ध उभ्या राहिल्या. मतदारांनी ठाणेदारांनाच पुन्हा धाडले.