थेआ फॉन हार्बू : पटकथेच्या बाजूने पाहिलेला जर्मन सिनेमा

थेआ फॉन हार्बू (१८८८–१९५४) या जर्मन पटकथालेखिका. बव्हेरियात जन्मलेल्या हार्बू सुरुवातीला रंगभूमीवर नटी होत्या. तिथून त्या कादंबरीकडे आणि मग सिनेमाकडे वळल्या. महाराजा, वाघ, कैदेतली राणी अशा कल्पित भारतावरची त्यांची १९१८ सालची कादंबरी १९२१, १९३८ आणि १९५९ अशी तीनदा पडद्यावर आली. शेवटच्या खेपेला दिग्दर्शक फ्रिट्झ लांग यांनी उदयपूरला येऊन चित्रीकरण केले.

लांग यांच्याशी हार्बूंचा विवाह १९२२ साली झाला. ‘डॉ. माबुझे’, ‘नीबेलुंगेन’, ‘मेट्रोपोलिस’ (१९२७), ‘एम’ (१९३१) या सगळ्या चित्रपटांच्या लेखनात हार्बू होत्या. मुर्नाऊ आणि ड्रायर या दिग्दर्शकांसाठीही त्यांनी लिहिले. तरीही हे चित्रपट एकट्या दिग्दर्शकाच्या नावावर जमा होतात, हा अन्यायच आहे. ‘एम’ बोलपट असूनही त्याची पटकथा शब्दांवर विसंबत नाही. आई जेवणाचे पान मांडून मुलीची वाट पाहते, जिन्यात डोकावून हाका मारते. उत्तरादाखल दिसतात रिकामी ताटली, गवतात घरंगळत आलेला चेंडू आणि तारांत अडकलेला फुगा. मुलीचा खून पडद्यावर दिसतच नाही. पुढे खुनी ओळखू येतो तो त्याच्या शिट्टीवरून, आणि ती ओळखतो एक आंधळा फुगेवाला.

१९३३ साली लांग यांच्याशी घटस्फोट झाला. लांग देश सोडून गेले. हार्बू मागे राहिल्या, नाझी पक्षाच्या सभासद झाल्या आणि त्या राजवटीतही पटकथा लिहीत राहिल्या. त्यांच्या कारकिर्दीवरचा हा डाग पुसता येण्याजोगा नाही. याच काळात बेळगावजवळच्या बेळगुंदीचे अयी तेंडुलकर त्यांच्या आयुष्यात आले. तेंडुलकर बर्लिनमध्ये पत्रकारिता करत होते. वंशशुद्धीचा डंका पिटणाऱ्या राजवटीत एका नामवंत जर्मन बाईने भारतीयाशी लग्न करणे खपले नसते, म्हणून दोघांनी ते गुपचूप केले. युद्धाच्या तोंडावर तेंडुलकर मायदेशी परतले, बेळगावात त्यांनी मराठी वृत्तपत्र काढले आणि इंग्रज सरकारने त्यांना तुरुंगात टाकले. पुढे विदर्भातल्या सेवाग्राम आश्रमात, गांधीजींच्या साक्षीने, त्यांचा इंदुमती गुणाजी यांच्याशी विवाह झाला. तेंडुलकर दांपत्याची कन्या लक्ष्मी धौल यांनी या तिघांची कहाणी इंग्रजी पुस्तकात मांडली आहे.

युद्ध संपल्यावर हार्बूंना काही महिने ब्रिटिशांच्या छावणीत ठेवण्यात आले. सुटल्यावर त्यांनी बर्लिनमध्ये पडक्या इमारतींचा ढिगारा उपसण्याचे काम केले, मग परदेशी चित्रपटांच्या जर्मन डबिंगचे. १९५४ च्या उन्हाळ्यात बर्लिनमध्ये त्यांनीच लिहिलेला १९२१ सालचा एक मूकपट दाखवण्यात आला. त्या खेळानंतर बाहेर पडताना त्या पडल्या आणि त्या दुखापतीतून उठल्या नाहीत. १ जुलैला त्यांचे निधन झाले.