युद्धकालीन राष्ट्रनेता आणि माहितीपट : ‘सुपरपॉवर’च्या संदर्भात

प्रस्तावना :
माहितीपट हे वास्तवाचे चित्रण करणारे माध्यम मानले जाते. तथापि, चित्रणाचा विषय युद्धात गुंतलेल्या राष्ट्राचा प्रमुख असेल, तर दस्तऐवज आणि गौरवचित्र यांतील सीमारेषा पुसट होते. शॉन पेन व आरॉन कॉफमन दिग्दर्शित ‘सुपरपॉवर’ (२०२३) हा युक्रेनचे राष्ट्राध्यक्ष व्होलोदिमिर झेलेन्स्की यांच्यावरील माहितीपट या दृष्टीने अभ्यसनीय आहे.

पार्श्वभूमी :
२०१५ पासून प्रसारित झालेल्या एका विनोदी मालिकेत झेलेन्स्की यांनी राष्ट्राध्यक्ष बनलेल्या शिक्षकाची भूमिका केली. २०१९ मध्ये सुमारे ७३ टक्के मते मिळवून ते खरोखरच राष्ट्राध्यक्ष झाले. अभिनेत्याचा हा राजकीय प्रवास टिपणे, हा चित्रपटाचा मूळ हेतू होता. परंतु २४ फेब्रुवारी २०२२ रोजी रशियाने आक्रमण केले, तेव्हा पेन कीव्हमध्येच होते. त्याच दिवशी त्यांनी झेलेन्स्की यांची मुलाखत चित्रित केली आणि हलक्याफुलक्या व्यक्तिचित्राचे रूपांतर युद्धपटात झाले.

विवेचन :
आक्रमणाच्या पहिल्याच दिवशी नेत्याची मुद्रा व वाणी टिपणारे हे चित्रण ऐतिहासिक साधन म्हणून मोलाचे आहे. मात्र येथे नेता स्वतःही आपल्या प्रतिमेचा कुशल निर्माता आहे. २५ फेब्रुवारी रोजी झेलेन्स्की यांनी सहकाऱ्यांसह कीव्हच्या रस्त्यावर उभे राहून स्वतःच चित्रफीत काढली व ते पळून गेल्याच्या अफवा खोट्या ठरविल्या. अशा वेळी, नेत्याने स्वतः जे दाखविले त्यापलीकडे माहितीपटकार काय दाखवितो, हा कळीचा प्रश्न ठरतो.

येथे सान्निध्याची मर्यादा जाणवते. पेन स्वतः पडद्यावर सतत वावरतात व त्यांची सहानुभूती उघड आहे. नोव्हेंबर २०२२ मध्ये त्यांनी आपले ऑस्कर सन्मानचिन्हही झेलेन्स्की यांच्याकडे सुपूर्द केले. दुसरीकडे, मार्च २०२२ मध्ये युक्रेनमध्ये ११ राजकीय पक्षांचे कार्य स्थगित करण्यात आले आणि दूरचित्रवाहिन्यांवरील वृत्तप्रसारण एकत्रित करण्यात आले. हे निर्णय युद्धाची अपरिहार्यता होती की सत्तेचे केंद्रीकरण, याचा निवाडा नेत्याच्या धैर्याच्या दर्शनाने होत नाही.

निष्कर्ष :
युद्धकालीन नेत्याचा माहितीपट त्या क्षणाची साक्ष देऊ शकतो. त्याच्या कारकिर्दीचा निर्णय देऊ शकत नाही. म्हणून इतिहासाच्या अभ्यासकाने असा चित्रपट साक्षीदाराच्या जबानीप्रमाणे स्वीकारावा आणि कायदे, निर्णय व विरोधी मते यांच्याशी ताडून पाहावा. नेत्याविषयीचा आदर आणि नेत्याची चिकित्सा या दोन्ही गोष्टी लोकशाहीला युद्धकाळातही आवश्यक असतात.