युद्ध अमेरिकेत, भाव हिंगणघाटात
‘गॉन विथ द विंड’ (१९३६) या कादंबरीतली स्कार्लेट ज्या यादवी युद्धात (१८६१-६५) कापसाचा मळा जगवायला धडपडते, त्याच युद्धाने हिंगणघाटच्या कापसाचे भाव चढवले. अमेरिकेच्या दक्षिणेची बंदरं नाकेबंदीत अडकली, इंग्लंडातल्या लँकेशायरच्या गिरण्या कापसाविना ओस पडल्या आणि लिव्हरपूलच्या बाजारात ‘हिंगणघाट’ नावाच्या रुईला मागणी आली. युद्ध संपलं, भाव कोसळले. म्हणजे स्कार्लेटचं संकट ती आपली तेजी!

स्कार्लेटच्या गोष्टीसारखं युद्धछायेतलं प्रेम मराठीत वाचायचं तर अमरावतीत जन्मलेल्या विश्राम बेडेकरांची ‘रणांगण’ (१९३९) घ्या. युरोपातून मुंबईकडे निघालेली बोट, तिच्यावर चक्रधर आणि जर्मनीतून हाकललेली ज्यू हॅर्टा. तोफ कुठेच नाही. पानंही थोडकी, आधी हीच वाचा.