मिठागरातील स्फटिकांचा क्रम

उरण-पेणकडील मिठागरांत भरतीचे पाणी एका वाफ्यातून दुसऱ्यात फिरते तेव्हा जे घडते, ते केवळ उन्हाने पाणी आटणे नसून, दर किलोस सरासरी ३५ ग्रॅम या प्रमाणात त्यात विरघळलेल्या क्षारांची ती क्रमवार हजेरी असते. प्रथम अल्पशी चुनखडी, मग पाणी सुमारे पंचमांश उरले की जिप्सम तळाशी बसते. आपले खाण्याचे मीठ मात्र ते दशमांश झाल्याखेरीज स्फटिकरूप धरीत नाही, आणि म्हणूनच जिप्सम मागे ठेवून दाट पाणी पुढच्या वाफ्यात घेण्याची तजवीज जाणता आगरी करतो. (कोणत्याही प्रयोगशाळेपेक्षा मला हीच देखणी वाटते!) शेवटचे पाणी मॅग्नेशियमच्या क्षारांनी कडू झालेले असते; ते वेळीच काढून न टाकल्यास मीठ कडवट होते आणि पावसाळी हवेत पाझरू लागते.

स्फटिकांचा हा क्रम पूर्व किनाऱ्यावरही तोच राहतो, कारण गंगा-ब्रह्मपुत्रेच्या ओघामुळे बंगालचा उपसागर अरबी समुद्राहून कमी खारा असला, तरी मुख्य क्षारांचे परस्परप्रमाण दोहोंकडे जवळजवळ एकच असते, ही बाब ‘चॅलेंजर’ जहाजाने आणलेल्या ७७ नमुन्यांचे पृथक्करण करून डिटमार यांनी १८८४ मध्ये पक्की केली.