परवान्यावाचून गायिलेले गाणे

२८ सप्टेंबर २०२२ रोजी शेरविन हाजीपूर या २५ वर्षांच्या इराणी तरुणाने स्वतः चाल लावून स्वतःच गायिलेले एक गाणे इन्स्टाग्रामवर प्रसृत केले. दुसऱ्या दिवशी त्याला अटक झाली आणि लवकरच ते गाणे त्याच्या खात्यावरून नाहीसेही झाले. परंतु मधल्या अल्पावधीत, दोन दिवसही पुरते लोटले नसतील तोच, ते सुमारे चार कोटी वेळा ऐकले गेले होते. ज्यांनी ऐकले त्यांतील पुष्कळांनी ते उतरवून घेऊन पुढे धाडले होते. मूळ प्रत पुसून टाकण्यात आता काही अर्थ उरला नव्हता.

त्या गाण्याचे नाव ‘बराये’. ‘बराए मेहेरबानी’ या प्रयोगामुळे हा शब्द आपल्याही कानांना अगदीच परका नाही. ‘च्यासाठी’, ‘च्यापायी’ एवढाच त्याचा अर्थ. क्रियापद नाही, नाम नाही. एक शब्दयोगी अव्यय हे गाण्याचे शीर्षक व्हावे आणि त्यापायी एका राजसत्तेने अस्वस्थ व्हावे, ही गोष्ट विचार करावयास लावणारी आहे.

पार्श्वभूमी बहुतेकांस ठाऊक असेल. महसा अमिनी या २२ वर्षांच्या कुर्द तरुणीस हिजाबविषयक नियमांचा भंग केल्याच्या आरोपावरून तेहरानमध्ये पकडण्यात आले आणि १६ सप्टेंबर २०२२ रोजी तिचा कोठडीत असतानाच अंत झाला. त्यानंतर इराणभर जो उद्रेक झाला त्याची घोषणा होती ‘झन, झिंदगी, आझादी’. फारसी न जाणणाऱ्या मराठी वाचकासही यातील दोन शब्द कोशावाचून कळतात, आणि ‘झन’ म्हणजे स्त्री हा तिसरा शब्द आपल्या ‘जनान्या’त दडलेला आहेच. त्या दिवसांत हजारो इराणी लोक आपण रस्त्यावर का उतरलो याची कारणे ट्विटरवर एकेका वाक्यात लिहीत होते. प्रत्येक वाक्याचा आरंभ ‘बराये’ने. हाजीपूरने त्यांतील काही वाक्ये निवडली, एकाखाली एक लावली आणि गायिली. चित्रफितीत ती मूळ वाक्येही एकामागून एक उमटत होती.

हे गाणे प्रथम ऐकणाऱ्याची थोडी निराशाच होते. यात रणगर्जना नाही, सत्ताधीशांस उद्देशून शिव्याशाप नाहीत. आवाज हळू, काहीसा कापरा, शेवटी शेवटी चढत जाणारा. आणि आशय म्हणाल तर निव्वळ यादी. गल्लीत मोकळेपणाने नाचता येण्याची इच्छा, प्रेमिकांच्या मनातील धास्ती, कचऱ्यात काहीबाही हुडकणारे पोर, निर्वासित अफगाण मुले, प्रदूषित हवा, तेहरानच्या वलीअस्र रस्त्यावरील सुकत चाललेली झाडे, या सर्वांचा त्यात उल्लेख आहे. पीरूझ नावाच्या चित्त्याच्या बछड्याचाही आहे. आशियाई चित्ता भारतातून नामशेष झाल्याचे १९५२ साली जाहीर झाले. तो आता काय तो इराणातच, मूठभर संख्येने, तग धरून आहे, आणि मे २०२२ मध्ये जन्मलेला पीरूझ हा तेथील लोकांचा मोठा जिव्हाळ्याचा विषय झाला होता. राज्यक्रांतीच्या गाण्यात चित्त्याचे पिल्लू आणि रस्त्याकडेची झाडे आलेली आम्ही तरी पूर्वी ऐकली नव्हती. (पीरूझ पुढे २८ फेब्रुवारी २०२३ रोजी मूत्रपिंडाच्या विकाराने मेला.)

शुक्रवारचे गाणे

या साधेपणाचे मोल कळावयाचे तर फारसी निषेधगीताची परंपरा थोडी ध्यानी घ्यावी लागते. ही परंपरा रूपकांची आहे. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात मलिकुश्शोअरा बहार या कवीने लिहिलेले आणि मोर्तझा नैदावूद यांनी स्वरबद्ध केलेले ‘मोर्ग-ए-सहर’, म्हणजे ‘पहाटेचा पक्षी’, हे गीत आजही इराणी माणसास तोंडपाठ असते. त्यात पिंजरा आहे, रात्र आहे, पहाट आहे; राजाचे नाव नाही. ज्येष्ठ गायक मोहम्मद रझा शजारियान आपल्या मैफलींच्या अखेरीस हे गीत गात, तेव्हा सभागृहातील प्रत्येकास पिंजरा कोणता हे समजत असे आणि गायकास मात्र ते सांगावे लागत नसे.

याहून बोलके उदाहरण फरहाद मेहराद या गायकाचे. ‘खुदाहाफिज रफीक’ या अमीर नादेरी यांच्या १९७१ सालच्या चित्रपटासाठी त्याने ‘जोम्ए’ हे गाणे गायिले. शब्द शहयार गनबरी यांचे, संगीत इस्फंदियार मुन्फरेदझादे यांचे. जोम्ए म्हणजे आपला जुम्मा, शुक्रवार. सुटीच्या दिवसाची उदासी, एवढाच वरवरचा विषय. परंतु त्याच वर्षीच्या फेब्रुवारीत गिलान प्रांतातील सियाहकल येथील सशस्त्र पोलीस ठाण्यावर डाव्या तरुणांनी हल्ला केला होता आणि मार्चमध्ये त्यांतील १३ जणांना गोळ्या घालण्यात आल्या होत्या. श्रोत्यांनी या गाण्याचा संबंध तत्काळ त्या घटनेशी जोडला. पंचांग उघडून पाहिले तर सियाहकलचा हल्ला सोमवारी झाल्याचे दिसते! पण श्रोत्याला पंचांगाशी काय कर्तव्य? आणि नियतीचा खेळ असा की, ८ सप्टेंबर १९७८ रोजी शाहाच्या सैनिकांनी तेहरानच्या झाले चौकात निदर्शकांवर गोळीबार केला, तो दिवस खरोखरच शुक्रवार निघाला. रूपकाला सात वर्षांनी त्याची तारीख मिळाली.

रूपकाचे हे सामर्थ्य निर्विवाद आहे. ते पोलिसाच्या हाती लागत नाही आणि काळाबरोबर नवा अर्थ धारण करते. तथापि त्याची किंमतही असते, ती अशी की गाणारा आणि ऐकणारा या दोघांनाही अर्धे वाक्य मनातच पुरे करण्याची सवय जडते. शाहाचे गुप्त पोलीस गेले, इस्लामी प्रजासत्ताक आले. १९७९ साली क्रांतीच्या स्वागताचे ‘वहदत’ हे गाणे याच फरहादने गायिले, आणि त्याच फरहादला नव्या राजवटीत वर्षानुवर्षे गाण्यास मज्जाव झाला. राज्यकर्ते बदलले, पण अर्धे वाक्य गिळण्याची सवय तशीच राहिली.

हाजीपूरच्या गाण्यात ती सवय मोडली, हे आम्हास सर्वांत महत्त्वाचे वाटते. येथे चित्ता म्हणजे चित्ताच आणि झाड म्हणजे झाडच. ऐकणाऱ्याने मनात भरावयाची रिकामी जागा कोठेही ठेवलेली नाही. शिवाय शब्द गायकाचे नव्हेत. ते ज्यांचे आहेत त्यांनी आधीच जाहीरपणे लिहून ठेवले होते. ज्या देशात कवीने आडून बोलावे हाच शिरस्ता होता, तेथे सामान्य माणसे सरळ बोलली आणि गायक केवळ त्यांच्या मागून गेला. काव्यदृष्ट्या ‘जोम्ए’ श्रेष्ठ असेल, किंबहुना आहेच. पण ‘बराये’ने जे केले ते ‘जोम्ए’स करता आले नसते.

इराणमध्ये गाणे प्रसिद्ध करावयाचे तर सांस्कृतिक व इस्लामी मार्गदर्शन खात्याचा परवाना लागतो. शब्दांची तपासणी निराळी, संगीताची निराळी. स्त्रियांनी पुरुषश्रोत्यांसमोर एकटीने गाणे १९७९ च्या क्रांतीपासून निषिद्ध ठरले आहे. या खात्याच्या नावात ‘मार्गदर्शन’ या अर्थी जो शब्द आहे तो ‘इर्शाद’; आणि महसा अमिनीस पकडणाऱ्या पथकाचे नावही ‘गश्त-ए-इर्शाद’, मार्गदर्शनाची गस्त. डोईवरचे वस्त्र आणि ओठांवरचे गाणे, दोन्हींची तपासणी एकाच शब्दाच्या छत्राखाली चालते. हाजीपूर हा काही जन्मजात बंडखोर नव्हे. माझंदरान प्रांतातील बाबोलसरचा हा युवक सरकारी दूरचित्रवाणीच्या गुणशोध स्पर्धेतही उतरला होता. परवान्याच्या राजमार्गाने त्याला सुखाने जाता आले असते. ‘बराये’ त्याने परवाना न मागता प्रसिद्ध केले आणि ज्या गाण्यास परवाना नव्हता ते शाळकरी मुली वर्गावर्गांतून गाऊ लागल्या.

४ ऑक्टोबर २०२२ रोजी तो जामिनावर सुटला. सुटल्यावर त्याने एक निवेदन काढले. देशाबाहेरील काही राजकीय गटांनी आपल्या गाण्याचा भलताच उपयोग केल्याचा खेद त्यात होता. काहींनी यावरून त्यास भित्रा म्हटले. दूर देशी सुरक्षित बसून असे म्हणणे सोपे असते. शब्द अनेकांचे होते आणि कोठडी एकट्याची, एवढे लक्षात ठेवले तर त्या निवेदनाचा न्याय करण्याची घाई होणार नाही.

५ फेब्रुवारी २०२३ रोजी लॉस एंजेलिस येथे ‘सामाजिक परिवर्तनासाठीचे सर्वोत्कृष्ट गीत’ या नव्याने सुरू झालेल्या ग्रॅमी पारितोषिकाची घोषणा तत्कालीन अमेरिकन अध्यक्षांच्या पत्नी जिल बायडेन यांनी केली. पहिला मान ‘बराये’ला. गायक अर्थातच इराणात होता. १ मार्च २०२४ रोजी त्याने आपणास झालेली शिक्षा जाहीर केली. दंगलीस चिथावणी दिल्याबद्दल ३ वर्षे आणि राजवटीविरुद्ध प्रचार केल्याबद्दल ८ महिने कारावास. दोन वर्षे देश सोडण्यास बंदी. आणि याखेरीज एक विलक्षण कलम: त्याने अमेरिकेच्या गुन्ह्यांविषयी एक गाणे रचावे! न्यायासनाने गीतरचनेची शिक्षा ठोठावल्याचे दुसरे उदाहरण आम्हास आठवत नाही. गाण्याने काही साधत नाही असे ज्यास वाटते, तो अशी शिक्षा देणार नाही. अमेरिकेतील परीक्षक आणि तेहरानचे न्यायाधीश यांचे या एका मुद्द्यावर एकमत असावे, ही या प्रकरणातील गंमत. पुढे सप्टेंबर २०२४ मध्ये आपणास माफी मिळाल्याचे हाजीपूरने कळविले.

सगळ्यांच्याच वाट्यास माफी आली नाही. इस्फहानचा रॅप गायक तुमाज सालेही यास एप्रिल २०२४ मध्ये देहान्ताची शिक्षा फर्माविण्यात आली. ती वरिष्ठ न्यायालयाने रद्द केल्यानंतर त्या वर्षीच्या डिसेंबरात तो तुरुंगाबाहेर आला. आणि अहवाझचा मेहदी याराही. हा वस्तुतः परवानाधारक, लोकप्रिय गायक. ऑगस्ट २०२३ मध्ये, महसा अमिनीच्या पहिल्या स्मृतिदिनास थोडे दिवस उरले असता, त्याने ‘रूसरीतो’ हे गाणे परवान्यावाचून प्रसिद्ध केले. रूसरी म्हणजे डोईचा रुमाल. ‘तुझा रुमाल’ एवढाच शीर्षकाचा अर्थ, आणि तो उतरवून ठेव, केस मोकळे सोड, हे गाण्याचे सांगणे. त्यातही पक्षी नाही, पिंजरा नाही, शुक्रवार नाही. २८ ऑगस्टला त्याला अटक झाली. तुरुंगवासाची शिक्षा पुढे सौम्य करून त्यास पायात विद्युत् पट्टा बांधून घरीच स्थानबद्ध ठेवण्यात आले. फटक्यांची शिक्षा मात्र कायम राहिली, आणि ५ मार्च २०२५ रोजी तेहरानमध्ये याराहीच्या पाठीवर ७४ फटके मारण्यात आले.